आगकाड्यांची मौज आणि सरस्वतीबाईंचे दागिने

मी पोखर्णीहून बोलतेय, परभणी-परळी रेल्वेवरच्या नृसिंहाच्या पोखर्णीहून. मागच्या वेळी आपण हप्ते आणि व्याजाबद्दल बोललो. तेव्हा काही जणींनी निरोप पाठवला की ताई, दर वेळी हिशोबच का, एखाद दिवशी गोष्ट सांगा. म्हणून आज गोष्ट घेऊन आलेय. पण ऐकता ऐकता तुमच्या लक्षात येईलच, की हिचंही मूळ कर्जात, तारणात आणि बाईच्या दागिन्यांतच आहे. माझा स्वभाव म्हणा.

सुरुवात आमच्या बैठकीतून झाली. सोयाबीनची कापणी आटोपली होती. बैठक रंगात आली आणि लाइट गेली. एका मावशींनी आगपेटी काढली, मेणबत्ती लावली आणि पेटी तिथंच खाली ठेवली. आमच्यातल्या एकीची मुलगी आठवीत आहे. तिनं त्या काड्या काळ्या घोंगडीवर ओळीनं मांडल्या आणि आईच्या मोबाइलवर फोटो काढत बसली. काडी जराशी सरकवायची, फोटो काढायचा. परत सरकवायची, परत फोटो. आई रागावली, "काड्या वाया घालू नको." पाच-दहा मिनिटांनी मुलीनं ते सगळे फोटो एकामागून एक भरभर दाखवले, तर काड्या चालायला लागल्या! आम्ही सगळ्या जणी मोबाइलवर वाकलो. प्रोसिडिंगची वही उघडी तशीच राहिली.

मी बी.ए.ला इतिहास घेतला होता. मला एकदम आठवलं, की हाच खेळ आपल्याच महाराष्ट्रात शंभराहून जास्त वर्षांपूर्वी एका माणसानं केला होता आणि त्याला नावही दिलं होतं 'आगकाड्यांची मौज'. साल १९१५. माणूस होता धुंडिराज गोविंद फाळके. आपण त्यांना दादासाहेब फाळके म्हणतो.

फाळक्यांचं नाव तुम्हाला माहीत असेल. हिंदुस्थानातला पहिला मोठा कथापट त्यांनी काढला, 'राजा हरिश्चंद्र'. ३ मे १९१३ रोजी मुंबईत गिरगावच्या कॉरोनेशन थिएटरात तो लोकांसाठी लागला. त्या चित्रपटाच्या धडपडीवर 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' हा मराठी सिनेमा २००९ साली निघाला. टीव्हीवर कधी लागला तर बघा, पोट धरून हसाल. पण 'हरिश्चंद्र'च्याही आधी एक छोटी फिल्म झाली होती. तिच्यात राजा नव्हता, राणी नव्हती. होतं ते कुंडीतलं वाटाण्याचं रोप.

ते कसं घडलं ते सांगते. फाळके जन्मले त्र्यंबकेश्वरी, १८७० साली. मुंबईला जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये चित्रकला शिकले, पुढे बडोद्याच्या कलाभवनात. गोध्र्याला फोटो स्टुडिओ टाकला. तिथं प्लेगात पहिली बायको आणि मूल दोन्ही गेले. मग सरकारी पुरातत्त्व खात्यात नोकरी केली, ती सोडून छापखाना काढला, भागीदाराशी पटलं नाही, तोही सोडला. चाळिशी आली आणि हातात काही नाही, असा तो काळ. तेव्हा गिरगावात एका तंबूवजा थिएटरात त्यांनी येशू ख्रिस्ताच्या आयुष्यावरचा मूक सिनेमा पाहिला आणि डोक्यात भरलं की आपले राम-कृष्ण असे पडद्यावर आले पाहिजेत. दुसऱ्या दिवशी बायकोलाही बरोबर नेऊन दाखवला. मग रोज सिनेमे बघायचे, रात्र रात्र जागून यंत्रांचा अभ्यास करायचा. डोळ्यांवर इतका ताण आला की काही काळ दिसायचंच बंद झालं. उपचारांनी दृष्टी परत आली.

१९१२ च्या सुरुवातीला ते विमा तारण ठेवून लंडनला गेले आणि कॅमेरा व इतर यंत्रं विकत घेऊन आले. आता भांडवल हवं. पण सिनेमा म्हणजे काय हे माहीत नसलेल्या सावकाराला पैसे कसे मागणार? आपण बँकेत कर्ज मागायला जातो तेव्हा नमुना नेतोच ना, पापडाचा, लोणच्याचा? फाळक्यांनी तसाच नमुना तयार केला. कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा रोवला आणि महिनाभर तो जागचा हलवला नाही. ठरावीक वेळानं एकेक चित्र घेत गेले. ती फीत पडद्यावर चालवली तेव्हा बघणाऱ्यांना काय दिसलं असेल? दाणा फुटला, अंकुर वर आला, पानं उलगडली, वेल चढला. महिन्याचं काम डोळ्यांदेखत झालं. या फिल्मचं नाव 'अंकुराची वाढ'. ती पाहून पैसे घालणारे भेटले.

आपण शेतकरी बाया. वाटाणा रोज वाढतो हे आपल्याला कुणी शिकवायला नको. तरी वाढताना तो कधी दिसला आहे का? तुरीला सकाळी पाणी द्यायला गेलं तर शेंडा कालच्याहून वर असतो, पण वर जाताना तो कुणाच्याच नजरेला सापडत नाही. फाळक्यांनी ते सापडवलं.

आता यातली खुबी जरा समजून घेऊ, कारण कार्टूनचीही खुबी हीच आहे. सिनेमात काहीही हलत नसतं. एकामागून एक स्थिर चित्रं असतात, ती झरझर दाखवली की आपले डोळे ती जोडून घेतात. मूक सिनेमाच्या काळात कॅमेरा हातानं फिरवायचा, सेकंदाला साधारण सोळा चित्रं. फितीच्या एका फुटात सोळा चित्रं बसत. म्हणजे एक फूट म्हणजे एक सेकंद असा सोपा हिशोब. माणूस चालताना टिपला की तो सिनेमा. आणि जी वस्तू आपण होऊन हलतच नाही, काडी, नाणं, कागदावर काढलेला बाहुला, ती आपण हातानं जराजरा हलवून किंवा पुन्हा पुन्हा काढून एकेक चित्र घेतलं, की ती जिवंत झाल्यासारखी वाटते. मुलांच्या जुन्या वहीच्या कोपऱ्यात पानागणिक थोडा थोडा वेगळा बाहुला काढा आणि पानं अंगठ्यानं भरभर सोडा, बाहुला उड्या मारेल. करून बघा, खर्च काही नाही.

लाइट येईपर्यंत आम्ही बायांनीही तो खेळ केला. दुसऱ्या दिवशी दुपारी ओसरीवर नीट मांडून परत केला, तेव्हा त्यातली मेहनत कळली. आम्ही काड्यांची दिंडी काढायची ठरवली. मोबाइल हलू नये म्हणून विटेवर स्टीलचा डबा ठेवला आणि डब्याला मोबाइल टेकवला. पहिल्यांदा एकीच्या बांगडीचा धक्का लागून अर्धी दिंडी आडवी झाली, पहिल्यापासून सुरुवात. दुसऱ्यांदा ढग आला आणि गेला, त्यामुळे चित्रात मधेच अंधार, मधेच उजेड, डोळ्यांत खुपायला लागलं. तिसऱ्यांदा एकीनं पांढरं धोतर ताणून धरलं, उजेड सारखा पडला आणि मग जमलं. तासभर घालवून अठ्ठेचाळीस फोटो निघाले. सोळाच्या हिशोबानं किती? तीन सेकंद! त्या तीन सेकंदांसाठी चार बायांचे गुडघे धरले.

मग फाळके एकटे कुंडी घेऊन महिनाभर बसले, याला काय म्हणावं? पण ते एकटे नव्हते. खरं तर मला बोलायचंय ते इथून पुढे.

फाळक्यांचं दुसरं लग्न १९०२ साली झालं. मुलगी करंदीकरांची, नाव गिरिजा, किर्लोस्कर नाटक मंडळीच्या मालकांची पुतणी. सासरी नाव ठेवलं सरस्वती. तिला आपण सरस्वतीबाई म्हणू. नवरा नोकरी सोडतो, छापखाना सोडतो, घरातल्या वस्तू मोडून यंत्रं आणतो. शेजारपाजारचे लोक काय म्हणत असतील, हे तुम्हाला मी सांगायला नको. या बाईनं आपले दागिने तारण ठेवायला काढून दिले. भांडवल देणारे पुढे भेटले हे खरं, पण त्यात बाईच्या अंगावरचं सोनंही आहे.

आणि सोनं देऊन ती बाजूला बसली नाही. त्या काळी विलायतेहून येणारी कच्ची फिल्म कोरी असायची, कडेला भोकं नसायची. भोकं नसली तर कॅमेऱ्यातले दात फीत पकडणार कसे? म्हणून भोकं घरीच पाडावी लागत, त्याचं यंत्र फाळक्यांनी लंडनहून आणलं होतं. फिल्मला उजेड लागला की ती वाया जाते, तेव्हा हे काम अंधारात, रात्री, दार बंद करून, हाताच्या अंदाजानं. ते काम सरस्वतीबाई करायच्या. मी गणित मांडलं, बचत गटवाल्या बाईला गणिताशिवाय चैन पडत नाही. एका चित्राला एका बाजूला चार भोकं, दोन्ही बाजूंची आठ. फुटाला सोळा चित्रं, म्हणजे फुटाला एकशे अठ्ठावीस. 'राजा हरिश्चंद्र' ३७०० फूट. गुणाकार करा, ४,७३,६०० भोकं. यंत्र एका दाबात काही भोकं पाडत असणार, तरी फीत सरळ धरायची, ओळ चुकू द्यायची नाही, अंधारात. एक ओळ वाकडी गेली तर पडद्यावर राजा हरिश्चंद्र उड्या मारत चालला असता.

शिवाय फिल्म धुण्याची रसायनं मिसळणं, धुणं, सुकवणं, कॅमेऱ्यात फिल्म भरणं हेही त्या शिकल्या. दिवसा उन्हात शूटिंग असे, कारण विजेचे मोठे दिवे नव्हते. नटाच्या तोंडावर सावली पडू नये म्हणून पांढऱ्या चादरी धरून उभं राहायचं, उजेड परतून तोंडावर पडतो. त्या चादरी धरायला सरस्वतीबाई असत. आमच्या ओसरीवरचं धोतर आठवा! आणि दादरच्या त्या घरात साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक रोजचा. नट, कारागीर, सगळे तिथंच जेवायचे. मुलं लहान. शूटिंगचे कपडे धुणंही त्यांच्याकडंच.

त्यात आणखी एक अडचण होती. सिनेमात काम करायला बाईच मिळेना. नाटकात पुरुषच बायका होत आणि सिनेमा तर त्याहून हलका समजला जाई. नाचगाणी करून पोट भरणाऱ्या बायकांनीसुद्धा नकार दिला. फाळक्यांनी सरस्वतीबाईंनाच तारामती व्हायला सांगून पाहिलं, असं सांगतात. त्यांनी नाही म्हटलं, इतकी कामं पाहणार कोण? मला हा नकार फार आवडतो. पडद्यावर मिरवायची संधी घरी चालून आली होती, पण मागची बाजू कोण सांभाळतंय हे त्या बाईला पक्कं ठाऊक होतं. शेवटी एका हॉटेलात काम करणारे अण्णा साळुंके फाळक्यांना सापडले. हॉटेलात महिना दहा रुपये मिळत, फाळक्यांनी पंधरा कबूल केले आणि साळुंके तारामती झाले. पुढे १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये हेच साळुंके राम आणि सीता दोन्ही झाले. बाई पडद्यावर यायला मात्र फार दिवस लागले नाहीत. त्याच १९१३ सालच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमला मोहिनी. मायलेकी दोघी एकाच सिनेमात. आणि १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये फाळक्यांची स्वतःची मुलगी मंदाकिनी बाळकृष्ण झाली. तो सिनेमा बराचसा शिल्लक आहे. सुरुवातीला ती पोर कॅमेऱ्यासमोर राग, हसू, रडू असे भाव एकामागून एक करून दाखवते. बापानं जणू प्रेक्षकांना सांगून टाकलंय, ही माझी लेक, आता ही कृष्ण होणार.

आता काड्यांकडे येऊ. १९१४ साली फाळके आपले तीन सिनेमे घेऊन पुन्हा लंडनला गेले. तिथं कौतुक झालं, तिथंच राहून सिनेमे काढा असंही बोलणं झालं, पण ते परत आले. आणि त्याच वर्षी पहिलं महायुद्ध पेटलं. पैसे लावणाऱ्यांनी हात आखडते घेतले. फिल्म विलायतेहून यायची, ती महाग झाली, मिळेनाशी झाली. मोठ्या कथेचा सिनेमा काढायचा तर शंभर माणसं, कपडे, रथ, जेवणं. काड्यांना जेवण लागत नाही, पगार लागत नाही. त्या तंगीच्या दिवसांत फाळक्यांनी लहान लहान फिल्म केल्या, त्यातली एक 'आगकाड्यांची मौज'. आगपेटीतल्या काड्या आपल्या आपण हलतात, आकार धरतात, मोडतात, पुन्हा जुळतात अशी ती गंमत. फ्रान्समध्ये एमिल कोल या माणसानं १९०८ मध्ये काड्यांची अशीच फिल्म केली होती. 'लक्ष्मीचा गालिचा' या फाळक्यांच्या दुसऱ्या फिल्ममध्ये नाणी अशीच फिरताना दाखवली होती. लक्ष्मी रुसलेली असताना नाण्यांचा गालिचा विणायचा, हा विनोद त्यांना कळत होता की नाही कोण जाणे. मला मात्र आमच्या गटाची अडचणीतली बैठक आठवते, घरात काही नाही म्हटलं की जे आहे त्यातून काय होईल ते शोधायचं.

आणि माणूस मुळात जादूगारच होता. फाळके जादूचे प्रयोग करायचे आणि त्यासाठी नाव घेतलं होतं प्रोफेसर केळफा. उलटं वाचा. के-ळ-फा, फा-ळ-के!

'आगकाड्यांची मौज' आज बघायला मिळत नाही. ती फीत राहिली नाही. त्या काळची फिल्म पटकन पेट घेणारी, पटकन कुजणारी असायची. 'राजा हरिश्चंद्र'चाही थोडाच भाग उरलाय. काड्यांची ती फिल्म कागदावर नाव आणि साल एवढीच आपल्या हाती आहे.

त्याच सुमारास तिकडे परदेशात काड्यांची जागा कागदावरच्या बाहुल्यांनी घेतली होती. १९०६ मध्ये अमेरिकेत ब्लॅकटन नावाच्या माणसानं फळ्यावर खडूनं तोंडं काढली आणि ती डोळे मिचकावू लागली. १९१४ मध्ये विन्सर मॅकके यांनी हजारो चित्रं काढून गर्टी नावाची डायनोसॉर तयार केली, पुराणकाळातला तो अजस्र प्राणी. मॅकके स्वतः रंगमंचावर उभं राहून पडद्यावरच्या गर्टीला हुकूम सोडायचे आणि ती कधी ऐकायची, कधी लाडात येऊन रडायची. मग आला कोको नावाचा विदूषक. फ्लायशर बंधूंच्या फिल्ममध्ये तो शाईच्या दौतीतून बाहेर यायचा, चित्रकाराच्या खोड्या काढायचा आणि शेवटी परत दौतीत जायचा. काढणाऱ्यालाच वेडावणारं चित्र! आपल्या घरातली धाकटी पोरं आठवली मला. फेलिक्स नावाचं काळं मांजर १९१९ मध्ये आलं आणि मिकी माऊस १९२८ मध्ये, तो मात्र आवाजासकट.

या सगळ्यात बाया कुठं होत्या? होत्या. डिस्नेच्या कारखान्यात पुरुष पेन्सिलनं चित्रं काढायचे. ती पारदर्शक पत्र्यांवर शाईनं उतरवायची आणि मागून रंगवायची, हे काम बायांचं. हिमगौरी आणि सात बुटक्यांचा मोठा कार्टून सिनेमा १९३७ साली आला, तेव्हा त्यासाठी शाई आणि रंग करणाऱ्या बायांची नावं पडद्यावर आली नाहीत. पण एक वेगळं उदाहरणही आहे. जर्मनीच्या लोटे रायनिगर या बाईनं काळ्या कागदाच्या आकृती कात्रीनं कापून, त्यांचे हातपाय तारेनं जोडून, तीन वर्षं खपून राजपुत्र अहमदची पूर्ण लांबीची फिल्म केली. साल १९२६. आपल्या कोकणात पिंगुळीचे ठाकर लोक कातडी बाहुल्यांचा सावलीचा खेळ करतात, दिसायला त्याच्या जवळपास. तिथं कॅमेरा सांभाळायला होता नवरा आणि फिल्म बाईच्या नावानं गाजली.

आपल्याकडे रेषेतला बोलका प्राणी आला तो प्रभातच्या 'जंबूकाका'त, १९३४ मध्ये. रघुनाथ केळकरांनी ती चित्रं केली. कोल्हा हा आपल्या गोष्टींतला जुना लबाड, त्यामुळे काही ओळख करून द्यायला लागली नाही. पण तोवर सिनेमा बोलू लागला होता आणि कार्टूनला लागणारी चित्रं, माणसं, वेळ कुणालाच परवडत नव्हती. नंतर १९५६ मध्ये मुंबईत सरकारच्या फिल्म्स डिव्हिजननं कार्टूनचा स्वतंत्र विभाग काढला.

याच फिल्म्स डिव्हिजनकडून १९७४ मध्ये आलेलं एक कार्टून तुम्ही सगळ्यांनी पाहिलंय, पैज लावते. दूरदर्शनवर लागायचं. ताई लहान मुलांना एक आणि अनेक म्हणजे काय ते समजावते, पारध्याच्या जाळ्यात पक्षी सापडतात, सगळे मिळून जाळ्यासकट उडतात आणि उंदीर जाळं कुरतडून देतात. आलं ना लक्षात? गटाच्या प्रशिक्षणात आजही कुणीतरी ते मोबाइलवर दाखवतंच. नाव 'एक अनेक और एकता'. ते दिग्दर्शित केलं विजया मुळे यांनी. मुंबईत १९२१ साली जन्मलेली मराठी बाई, लग्न होऊन पाटण्याला गेली, तिथं शिकली, पुढे विलायतेत शिकली, सरकारी शिक्षण खात्यात काम केलं. संगीत आपल्या वसंत देसाईंचं. रेषा आणि हलती चित्रं भीमसैन यांची. २०१९ साली विजयाताई गेल्या, ९८ वर्षांच्या होऊन. मी ते कार्टून पन्नास वेळा दाखवलंय आणि ते एका मराठी बाईनं केलंय हे मला तिशी उलटल्यावर कळलं. शेवटची नावं कधी वाचलीच नव्हती, ती यायच्या आत आम्ही मोबाइल बंद करायचो.

नावांवरून आमच्या गटातलीच गोष्ट सांगते. ताईंचं नाव घेत नाही. तिनं आपल्या पाटल्या तारण ठेवल्या, गटातून कर्ज उचललं आणि पिठाची चक्की व शेवयांचं मशीन घेतलं. सकाळी पाचला उठते, दळण तीच घेते, पट्टा तुटला की तीच बसवते. हप्ता एकदाही चुकला नाही. वर पाटी लागली नवऱ्याच्या नावाची. मी एकदा विचारलं, "ताई, पाटीवर तुझं नाव का नाही?" ती हसली, म्हणाली, "पेंटर आला तवा मी मशीनवर व्हते. त्यानं नाव इचारलं, दारात उभं व्हतं त्यानं सांगितलं." एवढंच. नवरा वाईट माणूस नाही. नाव लपवायचं कुणाच्या मनात नव्हतं.

फाळक्यांच्या बाबतीतही मला तसंच वाटतं. बायको सोबत नसती तर हे झालं नसतं, हे त्यांना कळत नव्हतं असं नाही. पण सिनेमाच्या सुरुवातीला नाव येतं ते फाळक्यांचं, आणि ते १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला गेल्यावर सरकारनं त्यांच्या नावानं सिनेमाचा सर्वांत मोठा पुरस्कार ठेवला. १९६९ सालचा पहिला पुरस्कार देविका राणी या नटीला मिळाला. सरस्वतीबाईंची गोष्ट इतरांच्या आठवणींतून हळूहळू वर आली, अंकुरासारखी.

माझ्या आत्याबाईंना, म्हणजे सासूबाईंना, मी हे सगळं सांगितलं. त्यांनी लहानपणी यात्रेत तंबूतला सिनेमा पाहिला होता, जमिनीवर बसून, तोंडाला पदर लावून. मधेच फीत तुटायची, पडदा पांढरा व्हायचा, पोरं शिट्ट्या मारायची. मग तंबूवाला फीत जोडायचा आणि तोडून टाकलेले तुकडे पोरं पळवायची. आत्याबाईंनीही एक तुकडा आणला होता. उन्हाला धरला की त्यात एकच बाई, चार वेळा, जराशीही न हललेली. "मला वाटलं आणणाऱ्यानं मला फसवलं," त्या म्हणाल्या, "सिनेमात तर ती पळत व्हती." कडेला भोकं होती का, मी विचारलं. "व्हती की. आम्ही त्यात दोरा ओवून गळ्यात घातला."

तर आमच्या दिंडीचं पुढे काय झालं तेवढं सांगून थांबते. तीन सेकंदांची फिल्म तयार झाली. मुलगी म्हणाली, मावशी, शेवटी नावं टाकूया, सिनेमात असतात तशी. आता नावं कुणाची? काड्या हलवल्या दोघींनी. फोटो मुलीनं काढले. धोतर धरलं एकीनं, धोतर ज्यांचं ते आबा वेगळेच. बांगडी लागून दिंडी पाडली तिचंही नाव हवं, कारण ती नंतर बांगड्या काढून बसली होती. चहा कुणी केला, यावर थोडा वाद झाला, कारण दोनदा झाला होता. आगपेटी मावशींची. घोंगडी आमची. शेवटी सगळी नावं एकेक करून कागदावर लिहिली, प्रत्येकीचा फोटो काढला आणि फिल्मच्या मागं जोडली. दिंडी तीन सेकंदांची आणि नावं अकरा सेकंदांची. चक्कीवाल्या ताईनं आपलं नाव स्वतःच्या हातानं लिहिलं, पूर्ण, आडनावासकट, आणि अक्षर नीट आलं नाही म्हणून दुसरा कागद मागितला.